किल्ला जळला, पैसे कोणाचे होते? सर्ज सिल्बरमान आणि 'रान'चं प्रकरण

सर्ज सिल्बरमान नावाच्या पॅरिसमधल्या एका निर्मात्याने एकदा काही मंडळींना मंगळवारी घरी जेवायला बोलावलं आणि बायकोला सांगायचंच राहून गेलं. वर त्याच मंगळवारी त्याचं स्वतःचं बाहेर जेवण ठरलेलं होतं, तेही तो विसरला. रात्री नऊच्या सुमारास पाहुणे फुलं घेऊन दारात हजर, हा घरात नाही, आणि बायको जेवूनखाऊन गाऊन घालून झोपायच्या तयारीत. हा किस्सा त्याने लुई बुन्युएल या स्पॅनिश दिग्दर्शकाला सांगितला. बुन्युएलने तो आपल्या आठवणींत लिहून ठेवलाय म्हणून आपल्याला माहीत. त्यातून १९७२ साली 'द डिस्क्रीट चार्म ऑफ द बूर्झ्वाझी' निघाला, ज्यात सहा जण एकत्र जेवायला बसायला बघतात आणि दर वेळी काहीतरी होऊन जेवण राहूनच जातं. परदेशी भाषेतल्या सिनेमाचं ऑस्कर मिळालं त्याला. सिनेमा बुन्युएलचा म्हणूनच ओळखला जातो आणि ते बरोबरच आहे, पण घरातला फजितीचा प्रसंग दिग्दर्शकाच्या हातात देणारा आणि मग त्याच सिनेमासाठी पैसे उभे करणारा माणूस कोण होता हे फिल्म सोसायटीत वर्षानुवर्षं येणाऱ्या लोकांनाही सांगता येत नाही.

मी स्वतः काही वर्षं प्रॉडक्शनमध्ये काम केलंय, लहान बजेटचे मराठी सिनेमे. पहाटे साडेचारला नाश्त्याच्या गाडीची वाट बघत उभं राहणं म्हणजे काय ते मला माहितीये, त्यामुळे एखादा मोठा सिनेमा बघताना माझं लक्ष आपोआप फ्रेमच्या बाहेर जातं. हे घोडे रात्री कुठे बांधत असतील, एवढ्या माणसांना पाणी कोण पाजत असेल, पाऊस आला तर दिवस कोणाच्या खिशातून जाणार. जपानी दिग्दर्शक अकिरा कुरोसावाचा १९८५ चा 'रान' पहिल्यांदा पाहिला तेव्हा मी दोन तास चाळीस मिनिटं हाच विचार करत होतो, आणि नंतर शोधत गेलो तर या सिल्बरमानपाशी येऊन पोचलो. म्हणून हे प्रकरण जरा नीट, सुरुवातीपासून लिहितोय. (हे आपल्याकडचं रान नाही, जपानी शब्द आहे, अर्थ साधारण अंदाधुंदी, उलथापालथ.)

माणूस

सिल्बरमान जन्माने फ्रेंच नव्हता. १९१७ साली पोलंडमधल्या ऊच शहरात एका ज्यू घरात जन्मला, नाझींच्या छळछावण्यांतून जिवंत बाहेर आला आणि युद्धानंतर पॅरिसला स्थायिक झाला. ही ओळ लिहायला सोपी आहे, पण त्याच्या पुढच्या सगळ्या निर्णयांकडे बघताना मला ती सारखी आठवते. जो माणूस त्या छावण्यांतून परत आलाय त्याला बँकेच्या नकाराची भीती किती वाटणार? हा माझा अंदाज आहे, पण लिहिल्याशिवाय राहवत नाही.

पन्नासच्या दशकात त्याचं नाव दिसायला लागतं, जाँ-पिएर मेलविलच्या जुगाऱ्यावरच्या 'बॉब ल फ्लांबर'मध्ये वगैरे. १९६० चा जाक बेकेरचा 'ल त्रू' त्याचाच. तुरुंगाच्या एकाच कोठडीत पाच कैदी जमीन फोडून भुयार खणतात, एवढीच गोष्ट, त्यात एकही स्टार नाही, पार्श्वसंगीत जवळपास नाही, आणि मूळ घटनेत खरोखर तुरुंग फोडायचा प्रयत्न करणारा एक माणूस त्यात स्वतःची भूमिका करतोय. बेकेर आजारी होता, सिनेमा थेटरात लागण्याआधीच गेला. म्हणजे निर्मात्याच्या हातात काय राहिलं बघा, बिनास्टारचा सिनेमा आणि दिग्दर्शक हयात नाही. व्यापारी हिशेबाने बघणाऱ्याने यातून शहाणपण शिकून पुढे सुरक्षित सिनेमे काढले असते. यानंतर याने काय केलं तर बुन्युएलला गाठलं.

१९६४ चा 'डायरी ऑफ अ चेंबरमेड', १९६९ चा 'द मिल्की वे', मग 'डिस्क्रीट चार्म', १९७४ चा 'फँटम ऑफ लिबर्टी' आणि १९७७ चा 'दॅट ऑब्स्क्यूर ऑब्जेक्ट ऑफ डिझायर'. पाच सिनेमे, एकच दिग्दर्शक आणि एकच निर्माता. १९६६ मध्ये त्याने ग्रीनिच फिल्म प्रॉडक्शन ही स्वतःची कंपनी काढली. 'मिल्की वे' म्हणजे दोन भटके यात्रेकरू स्पेनमधल्या सांतियागो या तीर्थक्षेत्राच्या वाटेवर चाललेत आणि रस्त्यात ख्रिस्ती धर्मातले सगळे जुने पाखंडी पंथ एकेक करून भेटतायत, असा सिनेमा! हे कथानक कुठल्याही डिस्ट्रिब्युटरला फोनवर सांगून बघा.

बुन्युएलबरोबर काम करणं म्हणजे काय याचा एक नमुना. 'डिस्क्रीट चार्म'ला ऑस्करचं नामांकन मिळालं तेव्हा चार मेक्सिकन पत्रकारांनी जेवता जेवता बुन्युएलला विचारलं की मिळेल का. तो म्हणाला मिळणारच, मागितलेले २५ हजार डॉलर मी भरलेत, अमेरिकन लोक कसेही असले तरी शब्द पाळतात. पेपरात छापून आलं, लॉस एंजेलिसमध्ये गहजब झाला, सिल्बरमान संतापून पॅरिसहून येऊन धडकला आणि त्याला समजावावं लागलं की ही निव्वळ थट्टा होती. पुढे ऑस्कर मिळालंच. वाचायला मजेशीर आहे, पण त्या काही दिवसांत सिल्बरमानच्या डेस्कवर किती टेलेक्स येऊन पडले असतील हे मला दिसतं.

दुसरा नमुना मला जास्त महत्त्वाचा वाटतो कारण 'रान'च्या वेळी जे झालं त्याचं बी इथे आहे. १९७७, माद्रिद. शूटिंग सुरू झालेलं आणि मुख्य भूमिकेतल्या अभिनेत्रीशी बुन्युएलचं बिनसलं, काम थांबलं. सिल्बरमानने ठरवलं की सिनेमा बंद करायचा. नुकसान मोठं होतं, दोघंही खचलेले, आणि एका संध्याकाळी दोघं बारमध्ये बसलेत. दोन ड्राय मार्टिनी झाल्यावर बुन्युएल म्हणतो की एकाच भूमिकेत दोन वेगवेगळ्या नट्या घेऊ या. बुन्युएल स्वतः लिहितो की मी ते गमतीतच म्हटलं होतं, पण सिल्बरमानला ते प्रचंड आवडलं आणि सिनेमा वाचला. मग कारोल बुके आणि आंखेला मोलिना आलटूनपालटून तीच बाई झाल्या आणि आज त्या सिनेमाची ओळखच ती आहे. कल्पना दिग्दर्शकाची, शंभर टक्के. पण पैसे बुडत असताना, आधी स्वतःच सिनेमा बंद करायचा ठरवलेला असताना, त्या कल्पनेला तिथल्या तिथे हो म्हणणं हे दुसऱ्या प्रकारचं काम आहे आणि ते फार थोड्यांना जमतं. मी ज्यांच्याबरोबर काम केलं त्यातल्या एका निर्मात्याने अशाच वेळी फोन बंद ठेवला होता, तीन दिवस. आम्ही लॉजवर बसून होतो.

अडलेलं काम

आता मूळ प्रकरण. अकिरा कुरोसावा. आपल्याला वाटतं की एवढा मोठा माणूस, याला पैशाची काय अडचण येणार. प्रत्यक्षात १९६५ नंतर त्याच्या आयुष्यात जपानी स्टुडिओच्या पैशावर सरळपणे सिनेमा होणं जवळजवळ संपलंच होतं. हॉलिवूडच्या 'तोरा! तोरा! तोरा!'वरून त्याला काढलं, १९७० चा 'दोदेसकादेन' पडला, १९७१ च्या डिसेंबरात त्याने जीव द्यायचा प्रयत्न केला. मग १९७५ चा 'देरसू उझाला' झाला तो सोव्हिएत पैशावर. १९८० च्या 'कागेमुशा'ला तोहो स्टुडिओचे पैसे कमी पडले तेव्हा जॉर्ज लुकास आणि फ्रान्सिस कोपोला यांनी मध्ये पडून ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्सला परदेशातले हक्क घ्यायला लावलं. फ्रान्सच्या कान महोत्सवात त्या सिनेमाला पाम द'ओर, म्हणजे तिथलं पहिलं पारितोषिक, विभागून मिळालं, जपानात तो चाललासुद्धा.

आणि एवढं होऊनही 'रान'ला जपानात कोणी पैसे देईना.

पटकथा १९७६ च्या सुमारासच लिहून झाली होती, हिदेओ ओगुनी आणि मासातो इदे यांच्यासोबत. मूळ ठिणगी मोरी मोतोनारी या सोळाव्या शतकातल्या सरदाराची, ज्याने तीन मुलांना तीन बाण दिले, एकेक मोडतो पण तिन्ही एकत्र मोडत नाहीत, ही गोष्ट. कुरोसावाने विचार केला की मुलं चांगली नसती तर? तिथून तो 'किंग लिअर'पर्यंत पोचला. म्हातारा सरदार राज्य मुलांना वाटून देतो आणि मुलंच त्याला देशोधडीला लावतात. आपल्याला ही गोष्ट परकी नाही, शिरवाडकरांच्या 'नटसम्राट'च्या मागेही लिअरच उभा आहे, फक्त तिथे घर आहे आणि इथे किल्ले, सैन्य, घोडे.

नेमकी हीच अडचण होती. घरातला लिअर एका दिवाणखान्यात होतो. हा लिअर करायचा तर १,४०० एक्स्ट्रा, १,४०० चिलखतं, २०० घोडे, हाताने विणलेले-शिवलेले पोशाख ज्यांना वेशभूषाकार एमी वाडाला दोन वर्षांहून जास्त लागली, आणि फुजी पर्वताच्या उतारावर एक अख्खा किल्ला जो बांधायचा तो जाळण्यासाठी. बजेट गेलं १ कोटी १० लाख डॉलरच्या पुढे, तोवरच्या कुठल्याही जपानी सिनेमापेक्षा जास्त. दुसऱ्या बाजूला जपानातला प्रेक्षक कुठे होता? १९५८ साली तिथे वर्षाला ११२ कोटींहून जास्त तिकिटं खपत होती, ऐंशीच्या दशकात आकडा वीस कोटींच्याही खाली आला होता, टीव्हीने सगळं खाल्लं होतं. दिग्दर्शक सत्तरी ओलांडलेला, गोष्ट काळीकुट्ट, शेवटी जवळजवळ कोणी वाचत नाही, कसलाही दिलासा नाही. तोहोच्या जागी बसलेल्या अधिकाऱ्याला मी दोष देऊ शकत नाही, कागदावर तो बरोबरच होता.

कुरोसावा ही सगळी वर्षं काय करत होता तर चित्रं काढत होता. एकेक शॉट रंगवून ठेवत होता, की सिनेमा झालाच नाही तर निदान काय डोक्यात होतं ते कागदावर राहील.

आणि इथे फ्रान्समधून सिल्बरमान आला. बुन्युएलने १९७७ नंतर सिनेमा थांबवला होता. दरम्यान सिल्बरमानच्या बायकोने, इरेनने, १९८१ चा 'दिवा' काढला, जाँ-जाक बेनेक्सचा पहिला सिनेमा, जो सुरुवातीला पॅरिसमध्ये चाललाच नाही आणि मग हळूहळू असा चढला की चार सेझार, म्हणजे फ्रान्सचे राष्ट्रीय सिनेपुरस्कार, घेऊन गेला. म्हणजे या घरात सिनेमाला वेळ द्यायची सवय होती म्हणा ना.

पैसा कसा उभा राहतो

हे थोडं समजावून सांगतो, कारण निर्माता म्हणजे सिगार ओढत चेक फाडणारा श्रीमंत माणूस अशी आपल्याकडे एक समजूत आहे. असं नसतं, स्वतंत्र निर्मात्याकडे स्वतःचे एवढे पैसे नसतातच. त्याच्याकडे दोन गोष्टी असतात, लोकांचा विश्वास आणि पुढे काय येणार हे आधीच विकण्याची ताकद. न बनलेला सिनेमा तो देशोदेशीच्या डिस्ट्रिब्युटरना विकतो, या देशाचे हक्क तुला, त्या देशाचे त्याला, टीव्ही वेगळा. त्या करारांवर बँक पैसे सोडते. उरलेला खड्डा दुसऱ्या देशातला जोडीदार निर्माता भरतो, किंवा तो स्वतः जोखीम घेऊन भरतो, आणि सिनेमा वेळेत पूर्ण झाला नाही तर करार मोडतात, बँक दारात येते, आणि नाव जातं ते त्याचं.

फ्रान्समध्ये याला एक भक्कम आधार आहे. १९४६ पासून तिथे सिनेमाचं राष्ट्रीय केंद्र आहे, सेएनसे म्हणतात त्याला, आणि प्रत्येक तिकिटावर एक छोटा कर बसतो जो सरकारी तिजोरीत जिरत नाही, सिनेमातच परत येतो. निर्मात्याच्या सिनेमाने जितका धंदा केला त्या प्रमाणात रक्कम त्याच्या नावे जमा होते, पण ती खिशात घालता येत नाही, पुढच्या सिनेमातच गुंतवावी लागते. आपल्याकडे सत्तरच्या दशकात मराठी सिनेमाला करमणूक करपरतावा सुरू झाला तेव्हा अट अशीच होती, पैसे परत मिळतील पण पुढचा मराठी सिनेमा काढला तर. ज्यांनी ती योजना पाहिलीये त्यांना फ्रेंच पद्धत लगेच कळेल. अशा व्यवस्थेतून निर्मात्यांची एक जात तयार होते जी एका सिनेमावर थांबत नाही, साखळी चालू ठेवते. सिल्बरमान त्या जातीतला.

पण फ्रान्सचा निर्माता जपानी भाषेतला, जपानात शूट होणारा, एकही फ्रेंच नट नसलेला सिनेमा काढतोय, तेव्हा खर्च सगळा येनमध्ये आणि युनिट सगळं जपानी. पॅरिसहून १,४०० माणसांच्या जेवणावर नजर ठेवता येत नाही. तिथे भक्कम जोडीदार हवाच. तो मिळाला मासातो हारा, हेराल्ड एस कंपनीचा. हे लोक मुळात परदेशी सिनेमे जपानात आणणारे डिस्ट्रिब्युटर, म्हणजे बाहेरच्या जगाची भाषा कळणारे, आणि जुन्या स्टुडिओंच्या मानपानात न अडकलेले. या सगळ्यातला सगळ्यात हुशार निर्णय मला विचाराल तर हाच होता, जोडीदार कोण निवडला. दोघांची नावं निर्माते म्हणून शेजारी शेजारी येतात.

१९८३ मध्ये गाडं अडलं. तयारी सुरू झालेली, पोशाखांचं काम चालू, आणि पैसा थांबला. त्या वर्षी मार्चमध्ये मितेराँ सरकारने काटकसरीचं पॅकेज आणलं, परकीय चलनावरचे निर्बंध इतके कडक केले की साधा फ्रेंच पर्यटकसुद्धा वर्षाला ठरावीक रकमेपलीकडे फ्रँक देशाबाहेर नेऊ शकत नव्हता. अशा वातावरणात जपानात खर्चायला लाखो डॉलर बाहेर पाठवणं म्हणजे काय, विचार करा. कुरोसावा नुसता बसून राहण्यातला नव्हता, त्याने त्या रिकाम्या काळात नोह या जुन्या जपानी नाट्यप्रकारावर एक माहितीपट सुरू केला, तोही नंतर अर्धाच राहिला. आणि त्याच वर्षी २९ जुलैला बुन्युएल मेक्सिकोत गेला.

मी त्या वर्षाचा विचार करतो तेव्हा मला माद्रिदचा बार आठवतो. तिथे निर्मात्याने आधी बंद म्हटलं आणि मग एका कल्पनेने परत उभा राहिला. इथे कल्पनेची गरज नव्हती, चित्रं रंगवून तयार होती, इथे गरज होती ती धीराने धरून बसण्याची. सिल्बरमान सोडून गेला असता तर कोणी त्याला नावं ठेवली नसती, तोहोसारखी मोठी संस्था मागे सरली होती, तो तर एकटा. तो सोडून गेला नाही. १९८४ च्या उन्हाळ्यात शूटिंग सुरू झालं.

डोंगरावर

किल्ल्याचा शॉट ज्यांनी पाहिलाय त्यांना सांगायला नको. म्हातारा सरदार हिदेतोरा वर अडकलाय, बाहेर दोन मुलांची सैन्यं, बाण भिंतीत घुसतायत, आणि बराच वेळ लढाईचा आवाजच नाही, फक्त तोरू ताकेमित्सुचं संगीत. मग किल्ला पेटतो आणि हिदेतोरा झालेला तात्सुया नाकादाई, जो तेव्हा पन्नाशीचा होता आणि मेकअपमध्ये सत्तरीचा दिसतो, जळत्या दारातून बाहेर येऊन त्या जिन्यावरून एकटा खाली उतरतो. हे मिनिएचर नाही, खरा बांधलेला किल्ला खरा जाळलाय. दुसरा टेक नाही, असूच शकत नाही. नाकादाईचा पाय त्या पायऱ्यांवर घसरला असता, कॅमेरा अडकला असता, वारा फिरला असता तर तो सीन गेला, आणि त्यासोबत महिनोनमहिन्यांचं सुतारकाम. हा शॉट बघताना लोक दिग्दर्शकाच्या हिमतीबद्दल बोलतात. मला नेहमी वाटतं की त्या दिवशी पॅरिसमध्ये कोणाला तरी फोनची वाट बघत बसावं लागलं असणार.

बाकी अडचणी तर कुठल्याही शूटिंगला असतात तशा, फक्त दसपट. धुकं, पाऊस, चिलखत घालून तासन्‌तास उभे असलेले एक्स्ट्रा. त्यात युनिटमधली माणसं गेली, कुरोसावाचा अनेक वर्षांचा साउंड रेकॉर्डिस्ट फुमिओ यानोगुची गेला. १९८५ च्या सुरुवातीला कुरोसावाची बायको योको यागुची गेली. एक दिवस काम थांबलं आणि पुन्हा सुरू झालं. माझ्या वडिलांच्या वेळी मी शूटवर होतो, त्यामुळे यावर जास्त लिहिणार नाही.

नंतर

'रान'ने १९८५ च्या मे महिन्यात पहिल्या टोकियो आंतरराष्ट्रीय महोत्सवाचं उद्घाटन केलं आणि कुरोसावा तिथे गेला नाही. जपानी सिनेमाच्या धंद्याशी त्याचं जे बिनसलं होतं ते बिनसलेलंच राहिलं. मग ऑस्करची वेळ आली आणि इथे दोन देशांच्या भागीदारीतली खरी गोम बाहेर आली. परदेशी भाषेच्या गटात देशाने एकच सिनेमा पाठवायचा असतो. जपानने दुसराच सिनेमा पाठवला. फ्रान्सने आपला एक फ्रेंच विनोदी सिनेमा पाठवला. पैसा फ्रेंच, भाषा जपानी, आणि दोन्ही घरांत पाहुणा. ही जोखीम कुठल्याही सहनिर्मितीत असते, करार करताना कोणी तिचं कलम घालत नाही, आणि ती नेमकी शेवटी येऊन बसते. सिडनी लुमेट या अमेरिकन दिग्दर्शकाने कुरोसावासाठी खटपट केली आणि त्याला सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचं नामांकन मिळालं, आयुष्यात पहिल्यांदा, वयाच्या पंच्याहत्तरीत. एकूण चार नामांकनं, आणि ऑस्कर मिळालं ते एमी वाडाला पोशाखांसाठी. मला याचा मनापासून आनंद वाटतो. जे काम पैसा थांबलेला असतानाही सुयांवर चालू होतं त्यालाच ते मिळालं.

पैशाचं म्हणाल तर तो घरं भरणारा सिनेमा कधीच नव्हता, सुरुवातीच्या कमाईत खर्च जेमतेम निघाला असं म्हणतात. पुढे मात्र तो कधी थांबलाही नाही, अजून नव्या प्रिंट निघतात, अजून थेटरात लागतो.

मग सिल्बरमान जिंकला का? व्यापारी प्रकरण म्हणून बघितलं तर उत्तर धड देता येत नाही. एक कोटी डॉलरच्या वर लावून इतकी वर्षं अडकून पडणं हा कुठल्याही शाळेत शिकवायचा धडा नाही. पण मला वाटतं आपण प्रश्नच चुकीच्या जागी लावतो. त्याच्या सबंध कारकिर्दीत एकच गोष्ट दिसते, की तो विषय निवडत नव्हता, माणूस निवडत होता. बेकेर, बुन्युएल, कुरोसावा, आणि १९८६ मध्ये 'मॅक्स मोन आमूर'साठी नागिसा ओशिमा, ज्यात शार्लट रॅम्पलिंग एका चिंपांझीच्या प्रेमात पडते! माणूस एकदा निवडला की मग त्याच्या डोक्यातलं कितीही वेडं असो, त्याला लागेल ते आणून द्यायचं, आणि पडला तर आपण पडायचं. आपल्याकडे स्क्रिप्ट बघतात, स्टार बघतात, गाणी बघतात, आणि दिग्दर्शक मिळेल तो घेतात. मी ज्या सिनेमांवर काम केलं त्यातल्या बहुतेकांचं काय झालं याचं कारण मला तिथेच दिसतं.

२००३ च्या जुलैत सिल्बरमान गेला, ८६ वर्षांचा होऊन.

एक गोष्ट राहिली. 'रान'च्या शूटिंगवर त्याने क्रिस मार्कर या फ्रेंच दिग्दर्शकाला बोलावून घेतलं होतं, एक वेगळा माहितीपट करायला, 'ए. के.' त्याचं नाव, १९८५ चाच. बजेट आधीच फुटायला आलेलं असताना निर्माता शूटिंगचं शूटिंग करायला अजून एक युनिट डोंगरावर पाठवतोय. त्यात एक प्रसंग आहे. रात्रीच्या, चांदण्यातल्या एका सीनसाठी कुरोसावाला सोनेरी गवत हवंय, आणि युनिटची माणसं डोंगरावरच्या गवतावर सोनेरी रंग फवारतायत, एकेक झुडूप, वाकून, न बोलता. सगळं गवत चमकायला लागतं. सीन शूट होतो. एडिटिंगमध्ये कुरोसावाने तो सीन काढून टाकला, 'रान'मध्ये तो कुठेच नाही. ते गवत आता फक्त मार्करच्या त्या माहितीपटात आहे, आणि त्याचेही पैसे सिल्बरमाननेच दिले होते.